आवाज कुणाचा?

"गोल्डफिंगर झालेला तो जर्मन, गेर्ट फ्रोबे, अर्धाच नट होता," चहाचा ग्लास कट्ट्यावर ठेवत बंड्याने जाहीर केलं.

बंड्या डबिंग करतो. परदेशी सिनेमातल्या खलनायकांना हिंदी-मराठी बोलायला लावणं हा त्याचा धंदा, आणि नामावळीत नाव येत नाही ही जुनी ठसठस. गाडी कुठे जाणार ते आम्हाला कळलंच.

"१९६४ चा बाँडपट 'गोल्डफिंगर', त्यातला हा खलनायक. ज्या आवाजाला लोक घाबरले तो मायकेल कॉलिन्स नावाच्या इंग्रज नटाचा. पडद्यावर त्याचं नाव नाही. बोला!"

सतीश बोलणारच. "अरे, फ्रोबेने सेटवर इंग्रजी संवाद घोकून म्हटले. दिग्दर्शक गाय हॅमिल्टनने सांगितलं, भराभर बोल, म्हणजे वरून आवाज चढवता येईल. भाषा परकी, त्यात घाई. तरी गोल्फच्या डावात तोंडावर माज बघ कसला निवांत! तो कॉलिन्सने दिला का?"

"माज दिसतो. दरारा ऐकू येतो."

आता अप्पा सरसावले. पूर्वी फिल्म सोसायटीत जायचे. विषय निघाला की त्यांना आवरणं कठीण. "बाँडवाल्यांनी त्याला उचलला कशावरून? १९५८ च्या 'इट हॅपन्ड इन ब्रॉड डेलाइट' या सिनेमावरून. पटकथेत स्विस नाटककार ड्युरेनमाट, म्हणजे नाटकवाल्यांना वेगळं सांगायला नको. फ्रोबे त्यात लहान मुलींचा खुनी. मुलीला भुलवायला चॉकलेटं द्यायची, आणि घरी बायकोच्या धाकात राहायचं. एवढा आडदांड गडी, पण घरी भिजल्या मांजरासारखा. तिथे आवाज त्याचाच होता रे."

"त्याच्याही दहा वर्षं आधी हाच माणूस काडीपैलवान होता," सतीश म्हणाला. "१९४८ चा 'बर्लिनर बालाडं'. युद्धावरून परतलेला भुकेला शिपाई, नाव ओटो नॉर्मालफरब्राउखर. जर्मन लोक आजही सामान्य माणसाला त्याच नावाने ओळखतात. आपला 'कॉमन मॅन' म्हण."

मंजिरीने मध्येच खडा टाकला, "आणि नाझी पक्षाचं सभासदत्व?"

होतं. कोवळ्या वयात घेतलेलं, १९३७ मध्ये सोडलेलं. १९६५ मध्ये ते उघड झालं आणि इस्रायलने त्याच्या सिनेमांवर बंदी घातली. मग एक ज्यू माणूस पुढे आला: याने मला आणि माझ्या आईला लपवलं होतं. बंदी उठली. मंजिरीचं समाधान झालं नाही. माझंही पूर्ण झालेलं नाही, पण बंड्याला त्यात रस नव्हता.

"मुद्द्यावर या. जग त्याला कशासाठी ओळखतं? 'चिटी चिटी बँग बँग'मधल्या राजासाठी? म्हातारपणी टीव्हीवरच्या 'श्वार्झवाल्डक्लिनिक' मालिकेसाठी? गोल्डफिंगरसाठीच ना!"

"जर्मनीत त्याने गोल्डफिंगरला स्वतःचाच आवाज दिलाय," अप्पा शांतपणे म्हणाले.

बंड्याला हे माहीत नव्हतं. सतीशने मोबाइलवर जर्मन तुकडा शोधला. पाच डोकी एका पडद्यावर वाकली. कुणाला अक्षर कळत नव्हतं, तरी सतीश विजयी मुद्रेने मान डोलवत होता.

बंड्याने तुकडा पुन्हा लावला. आवाज बंद केला, नुसते ओठ पाहिले. मग आवाज चालू केला.

"ओठ इंग्रजीत हलतायत," तो म्हणाला. "स्वतःच्याच तोंडावर बसत नाहीये बिचाऱ्याचा आवाज. कॉलिन्सचा कसा फिट्ट बसलाय."

अप्पांनी चष्मा काढून पुसला. "लाव रे परत," ते म्हणाले.