विकोरच्या तबकड्या उसन्या नव्हत्या

गेले काही महिने एक मजकूर सगळीकडे फिरतो आहे. त्याचं म्हणणं थोडक्यात असं: फिलिपिनो लोकांना स्वतःचं पॉप संगीत नाही, अमेरिकन गाण्यांची हुबेहूब नक्कल तेवढी त्यांना जमते. त्यांच्या रेकॉर्ड कंपन्या म्हणजे अमेरिकन मालाची दुकानं. टागालोग, म्हणजे तिथल्या मुख्य भाषेतली, गाणी आली ती हुकूमशहा मार्कोसच्या सक्तीमुळे. आणि आज तिथे जे वाजतं ती कोरियाची नक्कल. खाली मराठी वाचकांना इशारा, की आपल्या गाण्याचंही असंच होणार.

मी नऊ वर्षं मालवाहू जहाजांवर काढली. रत्नागिरीचे आणि गोव्याचे मिळून आम्ही चार-पाच जण, बाकी खलाशी बहुतेक फिलिपिनो. रात्री मेसमध्ये त्यांची गाणी चालायची. ती ज्याने ऐकली आहेत त्याला हा मजकूर वाचून संताप येतो. मला आला, म्हणून एकेक मुद्दा घेतो.

नक्कल हा पहिला आरोप. हाँगकाँग-टोकियोच्या हॉटेलांत फिलिपिनो बँड पिढ्यान् पिढ्या दुसऱ्यांची गाणी वाजवत आले, हे खरंच आहे. पण पगार देणारा जे मागेल ते वाजवायचं, ही रोजीरोटी झाली. गोव्याच्या वादकांनी मुंबईच्या हॉटेलांत तेच केलं, हिंदी सिनेमाच्या वाद्यवृंदातही केलं, आणि त्याच मंडळींतल्या क्रिस पेरींनी लोर्नाच्या आवाजात कोंकणी गाणी रेकॉर्ड केली. त्या गाण्यांना नक्कल म्हणायची कुणाची छाती आहे? मनिलातही परकी गाणी तुफान चालली हे मी नाकारत नाही. गायिका नोरा आउनोर यांचं १९७१ मधलं गाजलेलं 'पर्ली शेल्स' मूळ हवाईचं. पण दोनच वर्षांनी, १९७३ मध्ये, हुआन दे ला क्रूझ बँडचं 'हिमिग नातिन' आलं. पेपे स्मिथ, माइक हानोपोल आणि वॉली गोंझालेस या तिघांचं ते रॉक, इलेक्ट्रिक गिटारवर आणि टागालोगमध्ये. नावाचा अर्थ 'आपला सूर'. ते बाजारात आणलं विकोर या कंपनीने.

इथून दुसरा मुद्दा येतो, कंपन्या म्हणजे दुकानं हा. स्थानिक गाणी छापायची रीत विकोरच्याही आधीची आहे. मान्वेल विलार यांची विलार रेकॉर्ड्स १९५० च्या दशकात कुंदिमान, म्हणजे तिथली जुनी प्रेमगीतं, आणि लोकगीतं तबकड्यांवर आणत होती. त्यासाठी तिने माबुहाय सिंगर्स हा गायकसंचच उभा केला. नंतर १९६० च्या दशकाच्या मध्यात विक देल रोसारियो आणि ओर्ली इलाकाद या दोन तरुण भावांनी विकोर काढली. सख्खे नव्हेत, चुलत-मावस नात्यातले. विक आणि ओर्ली, दोघांच्या नावांतून कंपनीचं नाव. ओर्ली स्वतः रामरॉड्स या बँडमधले. अमेरिकेतून पाठवलेले मॅनेजर नव्हेत, मनिलाची पोरं होती ती. परदेशी रेकॉर्ड परवान्यावर छापून विकणं हाही तिथल्या कंपन्यांच्या धंद्याचा भाग होता, पण तेवढ्यावरून त्यांना दुकान म्हणायचं तर जगातल्या बहुतेक कंपन्या दुकानंच ठरतील.

विकोरच्या एका उपलेबलचं नाव होतं प्लाका पिलिपिनो. 'प्लाका' म्हणजे रेकॉर्ड, मूळ स्पॅनिश शब्दाचा अर्थ पत्रा, पट्टी. आपण तबकावरून तबकडी केली, त्यांनी पत्र्यावरून प्लाका. मला हे फार आवडतं. सनशाइन हे दुसरं लेबल, त्यावर १९७८ मध्ये व्हीएसटी अँड कंपनी या बँडचं डिस्को आलं. त्यातल्या गाजलेल्या गाण्याच्या नावाचा अर्थ 'तू गा, मी नाचेन'. ठेका परका आहे, मान्य. पण शब्द, थट्टा, लाडीगोडी सगळी मनिलाच्या गल्लीतली. त्याच वर्षी बारा वर्षांच्या शॅरन कुनेताने विकोरसाठी 'मिस्टर डीजे' गायलं. शीर्षक इंग्रजी, आर्जव टागालोग, गीत-संगीत रे वालेरांचं. पुढे ओर्लींनी वेगळं होऊन ऑक्टोआर्ट्स काढली, विक यांनी व्हिवा उभी केली आणि विकोरचा संग्रहही अखेर व्हिवाकडेच आला. नुसत्या उसन्या मालाच्या दुकानातून एवढं खटलं वाढत नाही.

कोरियाचा मुद्दा दोन ओळींत. एसबी१९ या तिथल्या पॉप गटाला घडवलं कोरियन कंपनीने, खरं आहे. पण २०२३ मध्ये त्या पाच जणांनी स्वतःची कंपनी काढली, आणि त्याच वर्षीचं त्यांचं 'गेंतो' हे गाणं ज्या शब्दखेळावर उभं आहे तो टागालोग आल्याशिवाय कळतच नाही.

राहिला सक्तीचा आरोप. यात खऱ्याखोट्याची सर्वांत जास्त सरमिसळ आहे, म्हणून तो शेवटी ठेवला. १९७५ मध्ये मार्कोसच्या काळातल्या प्रसारण परिषदेने रेडिओ केंद्रांना दर तासाला किमान एक फिलिपिनो गाणं लावायला सांगितलं. त्याचा कंपन्यांना फायदा झाला, हे मोकळेपणाने मान्य करू. पण तारखा बघा. 'हिमिग नातिन' १९७३ चं. मनिलात विश्वसुंदरी स्पर्धा झाली १९७४ मध्ये, आणि तिच्यावरूनच सुचलेलं, प्रेयसीला 'माझ्या आयुष्याची विश्वसुंदरी' म्हणणारं हॉटडॉग बँडचं गाणं त्याच वर्षीचं. पीक उभं राहिल्यावर पाटाचं पाणी आलं. तासाला चार गाण्यांचा आदेश तर १९८७ मधला, मार्कोस देश सोडून गेल्यानंतर राष्ट्राध्यक्ष कोराझोन अकिनो यांनी काढलेला.

आता 'आनाक'. अर्थ लेकरू. आईबापांना दुखावून वाया गेलेल्या मुलाला केलेलं हे संबोधन फ्रेडी आगिलार यांनी १९७८ च्या मेट्रो मनिला गीतस्पर्धेत गायलं. स्पर्धेला सरकारी आशीर्वाद होता, हेही लपवायचं कारण नाही. पण 'आनाक' ती स्पर्धा जिंकलं नाही. पहिलं बक्षीस रायन कायाब्याब यांच्या, हाजी अलेहांद्रोंनी गायलेल्या गाण्याला मिळालं. 'आनाक'ची रेकॉर्ड विकोरने काढली, लोकांनी ती उचलली, आणि जपानमध्ये जिरो सुगितांनी ते जपानीत गायलं. जपानी श्रोत्यांवर मार्कोसचा कुठला हुकूम चालत होता?

ऑगस्ट १९८३ मध्ये मनिलाच्या विमानतळावर विरोधी नेते निनॉय अकिनो यांना गोळी घातली गेली. त्यानंतरच्या निदर्शनांत हेच आगिलार 'बायान को', म्हणजे 'माझा देश', गात उभे राहिले. अमेरिकन राजवटीत लिहिलेलं ते जुनं गाणं आता मार्कोसविरुद्धचं झालं होतं. आमच्या जहाजावरचा बोसन, म्हणजे खलाशांचा मुकादम, तेव्हा पंधरा वर्षांचा होता. मेसमध्ये ते लागलं की तो हातातला कप खाली ठेवायचा. एकदा मी विचारलं, रेडिओवर पहिल्यांदा कधी ऐकलंस? तो म्हणाला, रेडिओवर नाही, रस्त्यावर.