डायनासोर थोतांड? मग पिसदुऱ्याच्या शेतात काय आहे?

‘डायनासोर हे परदेशी लोकांचं थोतांड. भारतात त्यांचा मागमूस नाही, एका हाडावरून अख्खा प्राणी रचतात आणि मतं सारखी बदलतात.’ हा मजकूर सध्या ग्रुपाग्रुपांतून फिरतोय. शाळकरी मुलंही तो खरा मानू लागली आहेत, म्हणून एकेक मुद्दा घेतो.

भारतात मागमूस नाही, हे साफ खोटं. जबलपूरला १८२८ मध्येच हाडं सापडली. आपल्या चंद्रपूर जिल्ह्यात डोंगरगावला मिळालेला प्राणी आज इसिसॉरस या नावाने जगभर ओळखला जातो.

एका हाडावरून प्राणी रचतात, यात थोडं तथ्य आहे. १८७७ मध्ये एका डायनासोरला टायटॅनोसॉरस इंडिकस हे नाव जेमतेम दोन-तीन हाडांवरून दिलं गेलं. पण ते नाव संशयास्पद ठरवलं तेही जीवाश्मशास्त्रज्ञांनीच. याउलट गोदावरी खोऱ्यातल्या बारापासॉरस या डायनासोरची सुमारे ३०० हाडं मिळाली, किमान सहा प्राण्यांची. कवटी मिळाली नाही, नुसते काही दात मिळाले, आणि शास्त्रज्ञ ते उघड सांगतात.

मतं बदलतात, हे मात्र अगदी खरं. गुजरातेत ढोली डुंगरीला भूवैज्ञानिक धनंजय मोहबे यांना अंडी आणि पिल्लाची हाडं असलेला दगड सापडला. १९८७ मध्ये त्यांनी ते सगळं डायनासोरचं म्हणून मांडलं. २००१ मध्ये अमेरिकी जीवाश्मशास्त्रज्ञ जेफ्री विल्सन यांनी तोच दगड निरखला, तर काही मणके एकमेकांत अडकण्याची ठेवण सापाची निघाली! फुटलेल्या अंड्याभोवती वेटोळं घातलेला, साडेतीन मीटर लांबीचा साप आणि शेजारी डायनासोरचं अर्ध्या मीटरचं पिल्लू. २०१० मध्ये त्या सापाचं सनाजे इंडिकस हे नाव जाहीर झालं, शोधनिबंधावर मोहबेंचंही नाव आहे. दगड होता तसाच होता, फक्त पाहणी बारीक झाली. याला थोतांड म्हणणं मला मुळीच पटत नाही.

तसंच गवताचं. डायनासोर होते तेव्हा गवताला फारसं स्थान नव्हतं, असं मानलं जाई. वरोऱ्याजवळच्या पिसदुऱ्याला शेतांत डायनासोरची दगड झालेली विष्ठा मिळते. तिच्यात गवताच्या पेशींमधले सिलिकाचे सूक्ष्म कण सापडले आणि २००५ मध्ये ती समजूत मोडली.

राहिलं ‘परदेशी’. परदेशी अभ्यासक यात आहेतच. पण सापाचा तो दगड उजेडात आणला मोहबेंनी, विष्ठेतलं गवत ओळखलं लखनौच्या वंदना प्रसाद आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी, आणि बारापासॉरसचा सांगाडा उभा आहे कोलकात्यात, भारतीय सांख्यिकी संस्थेत.