काळाला भगदाड पाडू इच्छिणाऱ्या लेखकांस

आपण एक अद्भुत जग निर्माण केले आहे. त्यात तीन चंद्र आहेत, एकमेकांच्या जिवावर उठलेली दोन राजघराणी आहेत आणि एक प्राचीन भाषा आहे, जिच्यात 'झ' आणि 'ख' यांचा सुकाळ आहे. एवढी सिद्धता करूनही दुसऱ्या खंडाच्या मध्यावर कथानक अडते, कारण खलनायकाला पहिल्याच खंडात मारून आपण मोकळे झालेले असता. अशा वेळी गडबडून जाऊ नये. राजधानीवरच्या आभाळात काळाला एक चीर पाडावी, तिच्या कडा जांभळ्या उजेडाने पेटवाव्यात आणि एखाद्या पांढऱ्या दाढीच्या ऋषीकडून "हे फार भयंकर आहे" असे वदवून घ्यावे. चीर धोकादायक आहे हे सिद्ध करण्यासाठी याहून अधिक पुराव्याची गरज नसते.

ती नेमके काय करते, हे मात्र कोणालाही, विशेषतः स्वतःला, कळू देऊ नये. एकदा नियम ठरला की तो पाळावा लागतो, आणि पाळायचा म्हटला की मागची प्रकरणे पुन्हा वाचावी लागतात. म्हणून नवव्या प्रकरणात चिरेजवळचे झाड क्षणात वठावे, बाराव्यात त्याच चिरेतून मेलेला सेनापती तरुण होऊन बाहेर यावा आणि पंधराव्यात तिने शत्रूचे सैन्य तेवढे निवडून गिळावे. नायकाच्या सैन्याला ती का गिळत नाही, असे विचारणाऱ्या वाचकाला कल्पनाशक्ती नसते, असे समजावे.

या बाबतीत आपल्या पुराणकारांच्या वाटेला मुळीच जाऊ नये. ककुद्मी राजा आपली कन्या रेवती हिला घेऊन वरसंशोधनासाठी ब्रह्मलोकी गेला. तिथे गंधर्वांचे गायन चालू होते, तेव्हा शिष्टाचार म्हणून बैठक संपेपर्यंत तो थांबला. मग त्याने मनातल्या वरांची नावे सांगितली, तर ब्रह्मदेव हसून म्हणाले की, ते सर्व केव्हाच गेले. एवढ्यात पृथ्वीवर २७ चतुर्युगे उलटली आहेत. एका चतुर्युगाची ४३,२०,००० वर्षे धरली तर ही गाण्याची एक बैठक ११ कोटी ६६ लाख ४० हजार वर्षांना पडली. पुराणकार एवढ्यावरही थांबत नाहीत. बापलेक परत येतात तो त्यांच्या कुशस्थलीच्या जागी द्वारका उभी आहे, आप्तांपैकी कोणी उरलेले नाही आणि माणसे तर खुजी झाली आहेत. रेवती बलरामाहून इतकी उंच की, त्याला नांगराच्या टोकाने तिला आपल्या उंचीला आणावे लागते. काळात पडलेल्या अंतराचा हिशेब थेट नवरानवरीच्या उंचीपर्यंत पोचवणारा हा लेखक आजच्या गतिमान साहित्यव्यवहारात किती खंड पूर्ण करू शकला असता, याचा आपणच विचार करावा.

आपल्या हातूनही असा प्रमाद घडण्याचा संभव असतो. समजा, तटावरचा एक पहारेकरी फडक्यात बांधलेली भाकरी सोडतो आहे आणि तेवढ्यात चीर त्याला ओढून घेते. तो बाहेर पडतो तेव्हा हातातली भाकरी अजून मऊ आहे, पण तटावर तीस वर्षांचे शेवाळ चढले आहे. घरी बायको दार उघडते. ती आता त्याच्या आईच्या वयाची दिसते. ज्या मुलाला त्याने सकाळी पाळण्यात पाहिले, तो ओसरीवरून उठतो, आणि तो बापापेक्षा मोठा आहे. कोणी कोणाच्या पाया पडायचे, हे त्या घरात कोणालाच सुचत नाही. असा प्रसंग चुकून लिहिला गेलाच, तर ताबडतोब खोडावा. त्याला जांभळा उजेड लागत नाही, ऋषी लागत नाही, आणि वाचक तिथेच घुटमळतो, तेव्हा पुढची लढाई कोणी वाचायची?

इतिहासही असाच रटाळ आहे. ब्रिटनने जुनी दिनदर्शिका सोडून नवी स्वीकारताना १७५२ साली २ सप्टेंबरनंतर एकदम १४ सप्टेंबर उजाडवला. दिनदर्शिकेतून ११ दिवस नाहीसे झाले, पण आकाश फाटले नाही. कायदा करणारे भाड्याच्या आणि देण्याघेण्याच्या मुदतींची कलमे लिहीत बसले. तिथले करवर्ष आजही ६ एप्रिलला सुरू होते, त्याचे मूळ या खटपटीतच आहे. पॅसिफिक महासागरातल्या सामोआ या बेटांच्या देशाने २०११ साली ३० डिसेंबरचा अख्खा शुक्रवार वगळला, तेव्हाही प्रश्न निघाला तो त्या दिवसाच्या पगाराचा. आपल्या राज्यात मात्र चिरेने शंभर वर्षे गिळली तरी कोणा सावकाराने व्याज मागू नये, कोणा कुळाने जमिनीवर हक्क सांगू नये आणि राजपुरोहिताला श्राद्धाची तिथी शोधत बसावे लागू नये.

भौतिकशास्त्रज्ञांचा सल्ला तर घेऊच नये. स्टीफन हॉकिंग यांनी १९९२ साली असे अनुमान मांडले की, भूतकाळात जाण्याची वाट निसर्गाचे नियमच बंद करत असावेत. पुढे २८ जून २००९ रोजी त्यांनी केंब्रिजमध्ये कालप्रवाशांसाठी मेजवानी ठेवली आणि निमंत्रणे मेजवानी उरकल्यावर काढली. कोणीही आले नाही. इतक्या सभ्य निमंत्रणालाही जिथे कोणी येत नाही, ते विश्व आपल्या काय कामाचे? आपल्याकडे तर प्रत्येक प्रकरणाच्या शेवटी कोणी ना कोणी भविष्यातून धापा टाकत आलेच पाहिजे.

नायिकेला मारण्याबाबत हात आखडता घेऊ नये. चीर हाताशी आहे तोवर मरण म्हणजे चार प्रकरणांची रजा. वाचक पहिल्यांदा रडेल, दुसऱ्यांदा पान उलटेल आणि तिसऱ्यांदा तिच्या परतीचे प्रकरण कितवे, यावर पैज लावेल. याला वाचकाचा सहभाग म्हणतात.

चीर बुजवण्यासाठी नायकाचा एक अश्रू पुरतो. आठशे पाने तो का ढाळला नाही, याचा खुलासा देऊ नये. ती कायमची मिटली, असे शेवटच्या पानावर स्पष्ट लिहावे, पण टाके विरळच घालावेत. पुढच्या खंडाचे आगाऊ मानधन घेऊन झालेले असते.