मोरीची शिक्षा बांगड्याला कशाला?

भाचीला सातवा महिना लागलाय. परवा तिने ताटातलं बांगड्याचं तिखलं बाजूला सारलं आणि मोबाईल माझ्यापुढे धरला. सगळीकडे फिरतोय तोच मेसेज: समुद्रातल्या प्रत्येक माशात पारा असतो, जपानात मिनामाटाला त्यानेच माणसं मेली, म्हणून गरोदर बाईने मासे बंद करावेत, खायचेच तर हळद-लिंबू चोळून खरपूस तळावेत, पारा निघून जातो.

प्रत्येक माशात पारा असतो, हे खरं. पण किती? गाळातले जिवाणू पाऱ्याचं मिथाइलमर्क्युरी हे विषारी रूप करतात. ते प्लवकांत, म्हणजे पाण्यात तरंगणाऱ्या सूक्ष्म जीवांत शिरतं, ती प्लवकं बांगडा-तारलीच्या पोटात जातात, आणि बांगडा-तारलीला मोठा मासा खातो. खाल्लेलं विष अंगातून फार हळू बाहेर पडतं, त्यामुळे दर पायरीला ते साठत जातं. वरच्या शिकारी माशात ते पाण्याच्या दहा लाख पटही असू शकतं. बांगडा खालच्या पायरीवरचा आणि अल्पायुषी. मोरी म्हणजे छोटा शार्क, ती वर्षानुवर्षं असेच मासे खात जगते.

मिनामाटाची भीती खोटी नाही. आया वरवर धडधाकट दिसायच्या आणि मुलं आजारी जन्मायची, कारण हा पारा वारेतून बाळापर्यंत पोचतो. पण तिथे चिसो कंपनीने 1932 ते 1968 त्याच उपसागरात पाऱ्याचं सांडपाणी सोडलं होतं आणि आसपासचे कोळी रोज तिथलीच मासळी खात होते. त्यातून धडा घ्यायचा तर असा: कारखान्याचं पाणी उतरतं त्या खाडीतली मासळी, लहान असो वा शिंपल्या, घेऊ नका.

हळद-लिंबाचा सल्ला मला सगळ्यात घातक वाटतो. डीडीटीसारखं विष चरबीत साठतं, म्हणून कातडी-चरबी काढली तर थोडं कमी होतं. पारा मांसातल्या प्रथिनांनाच चिकटतो. धुवा, तळा, तो तुकड्यातच राहतो. हा मेसेज वाचून कुणी लिंबू चोळलेली मोरी बिनधास्त खाईल.

आणि मासे बंदच का? अमेरिकेचं अन्न व औषध प्रशासन गरोदर बायकांना कमी पाऱ्याचे मासे आठवड्याला 225 ते 340 ग्रॅम खायला सांगतं. बाळाच्या मेंदूला त्यातलं ओमेगा-3 लागतं. टाळायच्या यादीत शार्क, म्हणजे आपली मोरी आहे, किंग मॅकरेल हा मोठा शिकारी मासा आहे. आपली सुरमई त्याची अगदी जवळची नातलग, म्हणून मोठी सुरमई मी भाचीला सध्या देणार नाही. तारली, बांगडा, कोळंबी देईन.

दूध यावं म्हणून बाळंतिणीला मोरी खाऊ घालायची आपल्याकडे पद्धत आहे. त्याबद्दल मेसेजमध्ये अक्षरही नाही, आणि टाळायची तर तीच आहे.