हेमिंग्वेला कुणीही हद्दपार केलेलं नाही

इंग्रजी साहित्य शिकणाऱ्या-शिकवणाऱ्यांच्या ग्रुपांवर एक मजकूर सारखा फिरत असतो. शब्द थोडेफार बदलतात, म्हणणं तेच राहतं. स्त्रीवादी समीक्षेनं इंग्रजी आणि अमेरिकन साहित्याचं वाटोळं केलं. ही समीक्षा म्हणजे निव्वळ पुरुषद्वेष. तिनं अमेरिकन कादंबरीकार हेमिंग्वेसारखे मर्द लेखक हद्दपार केले आणि त्यांच्या जागी, केवळ बायका आहेत म्हणून, दुय्यम लेखिका आणून बसवल्या. खऱ्या साहित्याला बाई-पुरुष असं काही नसतं. आणि हे पाश्चात्त्य खूळ आपल्या मुलांच्या डोक्यात भरवू नये.

वर्षानुवर्षं शिकवणारी माणसंही या मजकुराला अंगठे दाखवतात, याचं मला वाईट वाटतं. एम.ए.ची मुलं तो वाचून प्रबंधाचा विषय बदलायला येतात. म्हणून एकेक मुद्दा घेऊन उत्तर देतो.

सुरुवात हेमिंग्वेपासून करू, कारण सगळ्यात जास्त राग त्याच्या नावानं काढला जातो. ज्युडिथ फेटर्ली या स्त्रीवादी समीक्षिकेनं १९७८ साली 'द रेझिस्टिंग रीडर' या पुस्तकात हेमिंग्वेच्या 'अ फेअरवेल टू आर्म्स' या कादंबरीवर कडक टीका केली, हे खरं आहे. नायिका कॅथरिन बाळंतपणात मरते आणि वाचकाची सगळी सहानुभूती मात्र पावसात एकट्यानं चालत जाणाऱ्या तिच्या प्रियकराकडे, फ्रेडरिक हेन्रीकडे, वळते. तिचं मरण हे त्याचं दुःख होऊन बसतं, असं त्यांचं म्हणणं. मला ही टीका काही ठिकाणी ताणलेली वाटते. पण ती करायला फेटर्लींना ती कादंबरी ओळ न् ओळ वाचावी लागली. हद्दपार करायच्या लेखकावर कुणी इतकी मेहनत घेत नाही.

पुढं काय झालं तेही बघा. १९८६ साली, लेखकाच्या मृत्यूनंतर पंचवीस वर्षांनी, 'द गार्डन ऑफ ईडन' ही त्याची कादंबरी प्रसिद्ध झाली. तिच्यातली नवविवाहित कॅथरिन (ही दुसरीच) केस पुरुषासारखे कापून घेते आणि रात्री नवऱ्यानं बाई व्हावं, आपण पुरुष व्हावं, असा हट्ट धरते. बैलांच्या झुंजी, बंदुका आणि युद्ध एवढ्यावर ज्याची ओळख उभी होती, त्या लेखकानं हे वर्षानुवर्षं लिहून ठेवलं होतं. मार्क स्पिल्का यांचं १९९० चं पुस्तक, नॅन्सी कॉम्ली आणि रॉबर्ट स्कोल्स यांचं १९९४ चं 'हेमिंग्वेज जेंडर्स', ही सगळी या प्रश्नांच्या मागोमाग आली. लिंगभावाच्या, म्हणजे समाज बाई आणि पुरुष कसे घडवतो याच्या, अभ्यासानं हेमिंग्वेचा अभ्यास वाढला आहे.

याचा एक नमुना जवळून बघण्यासारखा आहे. 'हिल्स लाइक व्हाइट एलिफंट्स' ही १९२७ सालची चार-पाच पानांची कथा. स्पेनमधलं एब्रो नदीच्या खोऱ्यातलं एक रेल्वे स्टेशन, कडक ऊन, बार्सिलोनाहून येणारी एक्सप्रेस यायला चाळीस मिनिटं. एक अमेरिकन पुरुष आणि एक मुलगी बिअर पीत बसलेत. तिनं गर्भपात करून घ्यावा म्हणून तो तिचं मन वळवतो आहे, पण तो शब्द कथेत एकदाही येत नाही. 'अगदी साधं ऑपरेशन असतं' असं तो म्हणतो, आणि लगेच 'खरं तर ऑपरेशनसुद्धा नव्हे'. तुला नको असेल तर करू नकोस, असंही तो पुन्हा पुन्हा सांगतो, आणि दर खेपेला दबाव वाढत जातो. हॉटेलवाल्या बाईशी स्पॅनिशमध्ये तोच बोलतो. पडद्यावर काय लिहिलंय हेही मुलीला त्यालाच विचारावं लागतं. शेवटी ती त्याला विनवते की कृपा करून गप्प बस, आणि त्या एका वाक्यात हेमिंग्वेनं 'प्लीज' सात वेळा लिहिलं आहे.

वर्गात ही कथा पूर्वी 'हिमनगाचा सिद्धांत' (थोडं सांगायचं, बाकीचं शब्दांखाली दडवायचं), 'कमीत कमी शब्द' एवढ्यावर संपायची. भाषा कुणाच्या ताब्यात आहे, 'समजूतदार' कोण ठरतं आणि ते कोण ठरवतं, हे प्रश्न स्त्रीवादी वाचनानं विचारले. कथेच्या शेवटाकडे तो पुरुष एकटाच बारमध्ये जाऊन एक पेला घेतो आणि आजूबाजूचे लोक किती समंजसपणे गाडीची वाट बघताहेत असं त्याला वाटतं. त्या एका शब्दात हेमिंग्वेनं त्या माणसाला पुरता उघडा केला आहे. हे दिसल्यावर लेखक लहान होत नाही. मला तर तो त्या दिवसापासून जास्त आवडायला लागला.

मराठी वाचकाला हेमिंग्वे भेटला तो मुख्यतः पु. लं.च्या 'एका कोळियाने'मधून, म्हणजे 'द ओल्ड मॅन अँड द सी'च्या अनुवादातून. 'माणसाचा नाश होऊ शकतो, पराभव नाही' हे त्यातलं वाक्य मर्दानगीचं घोषवाक्य म्हणून सगळीकडे डकवलं जातं. पण ते पुस्तक पुन्हा उघडा. चौऱ्याऐंशी दिवस मासा न मिळालेला तो म्हातारा भर समुद्रात कितीदा म्हणतो, 'पोरगा बरोबर असता तर'! त्याच्या झोपडीच्या भिंतीवर पूर्वी बायकोचा फोटो होता. बघून फार एकटं वाटायचं म्हणून त्यानं तो काढला आणि कोपऱ्यातल्या फळीवर धुतलेल्या सदऱ्याखाली ठेवला. एकट्यानं झुंजणाऱ्या पुरुषाची गोष्ट म्हणून आपण जी वाचतो, ती एकटेपणा सहन न होणाऱ्या पुरुषाचीही गोष्ट आहे. पुरुषत्व हाच अभ्यासाचा विषय करणारं वाचन अशाच जागी थांबतं.

'पुरुषद्वेष' या आरोपाचं निम्मं उत्तर इथंच आलं. स्त्रीवादी लेखिका केट मिलेट यांच्या १९७० च्या 'सेक्शुअल पॉलिटिक्स'चा दाखला नेहमी दिला जातो. लॉरेन्स, हेन्री मिलर आणि नॉर्मन मेलर या कादंबरीकारांना त्यांनी झोडपलं, हे सगळे सांगतात. त्याच पुस्तकात त्यांनी ज्याँ जने या पुरुष लेखकाची बाजू किती आपुलकीनं घेतली आहे, हे कुणी सांगत नाही.

आणि शेक्सपिअरचं काय? 'मॅक्बेथ'मध्ये खुनाला कचरणाऱ्या नवऱ्याला लेडी मॅक्बेथ सुनावते की हे करायची हिंमत होती तेव्हा तू पुरुष होतास. पुढं मॅक्बेथ मारेकऱ्यांना हाच डोस पाजतो: यादीत तुमची नोंद पुरुष म्हणून आहे खरी, पण कुत्र्यांच्याही जाती असतातच. मेजवानीत, त्यानंच मारवलेल्या बँकोचं भूत दिसून तो थरथर कापतो तेव्हा बायको पुन्हा विचारते, पुरुष आहेस ना? मग चौथ्या अंकात मॅक्डफ या सरदाराला बातमी कळते की त्याची बायको आणि सगळी मुलं कापून काढली गेली. राजपुत्र माल्कम त्याला सांगतो, पुरुषासारखा सामोरा जा. मॅक्डफ म्हणतो, जाईन, पण ते मला पुरुषासारखं जाणवलंही पाहिजे. अख्ख्या नाटकात पुरुष असणं म्हणजे मारणं, आणि या एका जागी एक पुरुष ते नाकारतो. कोपेलिया कान यांनी १९८१ मध्ये 'मॅन्स इस्टेट' हे पुस्तकच शेक्सपिअरच्या पुरुषांवर लिहिलं. मुलगा 'पुरुष' होण्यासाठी काय काय गमावतो, हा त्यांचा प्रश्न आहे. यात द्वेष कुठं आहे, मला दाखवून द्यावा.

एक उदाहरण तर मी दर वर्षी सांगतो. फिलाडेल्फियात सायलस वेअर मिचेल नावाचे नामांकित डॉक्टर होते. १८८५ साली त्यांच्याकडे ओवेन विस्टर हा खचलेला तरुण आला. डॉक्टरांनी त्याला पश्चिमेकडे, मोकळ्या रानात पाठवलं. तो वायोमिंगला गेला, घोड्यावर बसला, शिकार केली, आणि १९०२ मध्ये त्याच्या हातून 'द व्हर्जिनियन' ही काउबॉय कादंबऱ्यांची जननी मानली जाणारी कादंबरी उतरली. १८८७ साली त्याच डॉक्टरांकडे लेखिका शार्लट पर्किन्स गिलमन आल्या. त्यांना बिछान्यात झोपवून ठेवलं आणि घरी पाठवताना सांगितलं की घरसंसारातच राहा, दिवसातून दोन तासच काय ती बौद्धिक करमणूक, आणि जन्मात पुन्हा लेखणी, कुंचला, पेन्सिल हातात धरू नका. त्या वेड लागायच्या बेताला पोचल्या, मग तो सल्ला धुडकावून त्यांनी 'द यलो वॉलपेपर' ही कथा लिहिली; ती १८९२ मध्ये छापून आली. डॉक्टर एकच. त्यानं पुरुषाला रान दिलं, बाईला खोली दिली, आणि अमेरिकन साहित्याच्या दोन वाटा त्याच्या दवाखान्यातून निघाल्या. लिंगभाव बाजूला ठेवून या दोन पुस्तकांपैकी एकाचाही उगम सांगता येणार नाही.

आता 'दुय्यम लेखिका घुसवल्या' हा आरोप. गिलमन यांची ती कथा बराच काळ विस्मृतीत होती आणि निघालीच तर भयकथांच्या संग्रहात निघायची. फेमिनिस्ट प्रेसनं ती १९७३ मध्ये स्वतंत्र छापली. केट शोपॅन यांची १८९९ ची कादंबरी 'द अवेकनिंग' अशीच अडगळीत पडली होती. तिला वर काढणाऱ्यांत पेर सायरस्टेड हा नॉर्वेचा पुरुष अभ्यासक पुढं होता. त्यानं १९६९ मध्ये शोपॅन यांचं समग्र लेखन संपादित केलं.

झोरा नील हर्स्टन या कृष्णवर्णीय लेखिकेची हकिगत मात्र वाचवत नाही. १९३७ साली त्यांची कादंबरी 'देअर आइज वेअर वॉचिंग गॉड' आली तेव्हा रिचर्ड राइटसारख्या मोठ्या कृष्णवर्णीय लेखकानं लिहिलं की हिच्यात ना विषय, ना संदेश, ना विचार. हर्स्टन १९६० मध्ये फ्लोरिडातल्या फोर्ट पिअर्स इथं निराधारांच्या आश्रयगृहात वारल्या आणि त्यांची कबर खुणेशिवाय राहिली. १९७३ मध्ये लेखिका अ‍ॅलिस वॉकर हर्स्टन यांची भाची असल्याचं सांगून तिथं पोचल्या, कमरेएवढ्या गवतात शिरून 'झोरा!' अशा हाका मारत त्यांनी ती जागा शोधली आणि तिथं दगड बसवला. ज्यांना ही कादंबरी दुय्यम वाटते त्यांनी जो स्टार्क्सच्या मरणाचा प्रसंग वाचावा. गावचा मेयर झालेला हा नवरा नायिका जेनीला चारचौघांत बोलू देत नाही, केस सतत फडक्यात बांधून ठेवायला लावतो. तो मेल्यावर ती आरशासमोर जाते, फडकं ओढून काढते, केस मोकळे सोडून स्वतःकडे बघते, आणि मग ते पुन्हा बांधून, चेहरा लोकांना हवा तसा करून, खिडकीतून गावाला हाक देते. हा प्रसंग सहानुभूतीच्या कोट्यातून अभ्यासक्रमात आला, असं म्हणणाऱ्यानं तो वाचलेला नाही.

'साहित्याला बाई-पुरुष नसतं' या वाक्यावर फार वेळ घालवायची गरज नाही. ते तसं नसतं तर १८३७ मध्ये राजकवी साउदीनं शार्लट ब्राँटीला, साहित्य हा बाईच्या आयुष्याचा उद्योग होऊ शकत नाही आणि होऊही नये, असं पत्र लिहिलं नसतं, आणि दहा वर्षांनी तिच्या 'जेन आयर' या कादंबरीवर खऱ्या नावाऐवजी करर बेल असं टोपणनाव छापावं लागलं नसतं. अमेरिकन कादंबरीकार हॉथॉर्ननं १८५५ मध्ये आपल्या प्रकाशकाला लिहिलेल्या पत्रात खरडणाऱ्या बायकांच्या झुंडीला शिव्या घातल्या. त्या बायका त्याच्यापेक्षा जास्त खपत होत्या, हे त्याचं दुखणं. व्हर्जिनिया वुल्फनं १९२९ मध्ये 'अ रूम ऑफ वन्स ओन'मध्ये नेमकं बोट ठेवलं: युद्धावरचं पुस्तक महत्त्वाचं आणि दिवाणखान्यातल्या बायकांच्या भावनांवरचं किरकोळ, असं समीक्षक आधीच धरून चालतो.

राहिलं पाश्चात्त्य खूळ. ताराबाई शिंदे यांनी बुलढाण्यात बसून 'स्त्रीपुरुष तुलना' लिहिली ती १८८२ मध्ये, वुल्फच्या सत्तेचाळीस वर्षं आधी. बाईचे म्हणून सांगितलेले दुर्गुण पुरुषात किती आहेत हे त्यांनी एकेक करून मांडलंच, शिवाय त्या काळच्या नाटक-कादंबऱ्यांत बायका कशा रंगवल्या जातात याचाही समाचार घेतला. तिकडं १९७५ मध्ये वॉकर यांचा हर्स्टनच्या शोधावरचा लेख छापून आला, आणि त्याच वर्षी इकडं स. गं. मालशे यांनी ताराबाईंचं विस्मरणात गेलेलं पुस्तक पुन्हा प्रसिद्ध केलं.

त्या मजकुरात एक गोष्ट खरी आहे आणि ती मान्य करायला हवी. कुठल्याही पुस्तकावर 'पुरुषसत्ताक' असा शिक्का मारून मोकळं होणारे निबंध मी ढिगानं तपासले आहेत, आणि ते वाईट आहेत. पण त्याबद्दल सगळ्यात कठोर शब्द बाहेरच्यांनी ऐकवलेले नाहीत. सगळ्या बायकांच्या नावानं बोलताना तुम्हाला कृष्णवर्णीय लेखिका दिसतच नाहीत, हे १९७७ मध्ये बार्बरा स्मिथ यांनी स्त्रीवादी समीक्षकांना तोंडावर सांगितलं. १९८५ मध्ये कोलकात्याच्या गायत्री चक्रवर्ती स्पिव्हाक यांनी स्त्रीवाद्यांच्या लाडक्या 'जेन आयर'लाच हात घातला. नायकानं जमैकाहून आणलेली त्याची पहिली बायको बर्था मेसन माळ्यावर कोंडली जाते, घराला आग लावून छतावरून उडी घेते, आणि तिच्या मरणावर जेनचा संसार उभा राहतो. जेनला नायिका करायला वसाहतीतली दुसरी बाई जळावी लागते, असं स्पिव्हाक यांनी दाखवलं. ही टीका एका स्त्रीवादी बाईनंच केली, आणि आज 'जेन आयर' शिकवताना ती वगळून पुढं जाता येत नाही.