‘कोकणी माणसाला दुसरा मार्गच नाही’ : पायरसीच्या एका संदेशाला उत्तर

शिमग्याच्या दिवसांत आमच्या वाडीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एका नव्या मराठी चित्रपटाच्या लिंकसोबत एक संदेश फिरत होता. तालुक्यात थिएटर नाही, गावात रेंज नाही, तेव्हा फुकटच्या साइटवरून चित्रपट उतरवून घेण्यावाचून कोकणी माणसाला गत्यंतर नाही. पाहणे हा गुन्हा नव्हे, आणि निर्मात्याचेही त्यात काही जात नाही, असा त्याचा आशय.

थिएटरची तक्रार खरी आहे. एका चित्रपटासाठी एसटीने शहर गाठायचे म्हणजे अख्खा दिवस मोडतो. रेंजचे कारण मात्र टिकत नाही, कारण ज्याला सड्यावर, म्हणजे रेंज मिळते त्या उघड्या पठारावर, जाऊन दीड जीबीची चोरटी फाइल उतरवता येते, त्याला तेथेच उभे राहून झी५ किंवा प्राइम व्हिडिओच्या ॲपमध्येही चित्रपट डाउनलोड करून घरी ओटीवर बसून पाहता येतो. काही रिचार्जमध्ये असे एखादे ॲप अंतर्भूत असते, आणि ते पुष्कळांनी उघडूनही पाहिलेले नसते.

‘फुकट’ या शब्दाचीही परीक्षा व्हावी. तीच लिंक मी शेजारच्या काकांच्या फोनवर उघडून पाहिली. तीनदा बटण दाबले, तिन्ही वेळा भलतीच पाने उघडली. चौथ्यांदा ‘प्लेअर’ म्हणून उतरलेल्या ॲपने एसएमएस वाचण्याची परवानगी मागितली. बँकेचा ओटीपी एसएमएसमध्येच येतो, हे काकांना सांगावे लागले नाही. ते ॲप काढून दुसऱ्या लिंकवर चित्र दिसले, तेही तिरके, वर सट्टेबाजीच्या जाहिरातीची पट्टी, आणि ऐन प्रसंगी पडद्यासमोरून उठून गेलेला कुणी प्रेक्षक.

कायद्याचा मुख्य रोख नक्कल करणाऱ्यांवर आणि ती पसरवणाऱ्यांवर आहे, हे मान्य. पण फाइल उतरवली की नवी प्रत तयार होते आणि ग्रुपवर टाकली की ती पसरवली जाते. संदेश पाठवणाऱ्याने दोन्ही केले होते. कॉपीराइट कायदा, १९५७ च्या कलम ६३ नुसार जाणूनबुजून उल्लंघन करणाऱ्यालाच नव्हे, तर त्यास साहाय्य करणाऱ्यालाही सहा महिने ते तीन वर्षे कैद आणि ५० हजार ते २ लाख रुपये दंड होऊ शकतो. थिएटरात चोरून चित्रण करणाऱ्यासाठी २०२३ च्या सिनेमॅटोग्राफ दुरुस्तीने किमान दंडच ३ लाखांवर नेला आहे.

निर्मात्याच्या नुकसानीविषयी एवढेच, की मराठी चित्रपटाचे खेळ सोमवारी राहणार की उतरणार हे बहुधा पहिल्या तीन दिवसांच्या गर्दीवर ठरते, आणि चोरटी प्रत नेमकी त्याच तीन दिवसांत फिरते.

जुन्या चित्रपटांसाठी तर निमित्तही उरत नाही. भारतात चित्रपटावरील कॉपीराइटचा हक्क प्रदर्शनानंतरच्या वर्षापासून ६० वर्षे टिकतो. पालगडच्या श्यामची कथा सांगणाऱ्या, १९५३ सालच्या ‘श्यामची आई’ या चित्रपटावरील तो हक्क २०१३ अखेर संपला. अनेक निर्माते आपले चित्रपट यूट्यूबवर स्वतःच विनामूल्य ठेवतात. फक्त वाहिनी अधिकृत आहे ना, एवढे पाहावे. काही मराठी चित्रपट कोठेच अधिकृतपणे मिळत नाहीत, हे खरे. पण वाडीच्या ग्रुपवर फिरणारा तो चित्रपट त्यांतला नव्हता, त्या आठवड्यात तो चिपळूणला लागलेला होता.