माहेरी जाताना अंगणवाडीतलं नावही सोबत न्या

नागपुरात गरोदर बाईला सरकारी पोषण आहाराबद्दल सांगितलं की तिचा पहिला प्रश्न असतो, "फॉर्म कुठं मिळते?" शेजारपाजारचे लगेच यादी सांगतात: रेशन कार्ड, उत्पन्नाचा दाखला, घरभाड्याचा कागद, लग्नाचं सर्टिफिकेट. मग सेतू केंद्राच्या चकरा सुरू होतात आणि त्यात तिसरा-चौथा महिना निघून जातो. मला हे फार खटकतं, कारण आहारासाठी यातला एकही कागद लागत नाही. आणि गेलेल्या महिन्यांचा आहार मागाहून कुणी देत नाही.

राष्ट्रीय अन्न सुरक्षा कायदा २०१३ चं कलम ४ सरळ आहे. प्रत्येक गरोदर आणि स्तनदा मातेला गरोदरपणात आणि बाळंतपणानंतर सहा महिने स्थानिक अंगणवाडीतून मोफत आहार. "प्रत्येक" म्हणजे प्रत्येक. उत्पन्नाची अट नाही, कार्डाच्या रंगाची नाही, कितवं मूल याचीही नाही. कलम ५ मध्ये सहा महिने ते सहा वर्षांच्या मुलांचा हक्क आहे. कलम ६ मध्ये कुपोषित मुलांचा.

पैशाची योजना ही वेगळी गोष्ट. प्रधानमंत्री मातृवंदना योजनेत अटी आहेत, अर्ज आहे, मुदत आहे. लोक या दोन्हींची खिचडी करतात आणि नुकसान तिथूनच सुरू होतं. मातृवंदनेत बसत नाही असं कळलं की बाई अंगणवाडीकडेही फिरकत नाही. नवरा सरकारी नोकरीत आहे, तिसरं मूल आहे, घर स्वतःचं आहे, यातल्या कशानेही आहाराचा हक्क जात नाही. बाई स्वतः कायम सरकारी नोकरीत असली तरी कायद्याने तिला फक्त पैशाच्या लाभातून वगळलंय, आहारातून नाही.

नोंदणीला प्रत्यक्षात काय लागतं? आपल्या भागातली अंगणवाडी, आधार, आधारला जोडलेला चालू मोबाइल, आणि शेवटच्या पाळीची तारीख. एमसीपी कार्ड (आई-बाळाच्या तपासण्या आणि लसींची नोंद ठेवणारं कार्ड) झालं असेल तर न्यावं, नसेल तर थांबू नये. सेविका पोषण ट्रॅकर ॲपमध्ये नाव टाकते, ओटीपीने आधारची पडताळणी होते, चेहऱ्याचा फोटो घेतला जातो. जुलै २०२५ पासून घरी न्यायचा आहार देताना चेहरा जुळवणं सक्तीचं आहे. अडतं ते इथंच. ओटीपी नवऱ्याच्या फोनवर जातो आणि नवरा कळमन्याला नाहीतर बुटीबोरीच्या कंपनीत पाळीवर. किंवा आधारवरचा फोटो शाळेतल्या वयाचा आणि समोर उभी बाई पंचवीस वर्षांची. किंवा अंगणवाडी एका अंधाऱ्या भाड्याच्या खोलीत. शेवटच्या अडचणीवर उपाय सोपा आहे, बाहेर उजेडात उभं राहायचं आणि डोक्यावरचा पदर-ओढणी बाजूला करायची. पहिल्या दोन अडचणींसाठी आधार केंद्रावर जाऊन स्वतःचा नंबर जोडून घ्या, फोटो बदलून घ्या. हे पाचव्या महिन्याच्या आत करावं, नंतर रांगेत उभं राहणं जड जातं. चेहरा जुळला नाही म्हणून आहार नाकारणं मला मुळीच पटत नाही. कायदा आईला जेवण द्या म्हणतो. तिचा चेहरा यंत्राला ओळखता आला तरच द्या, असं म्हणत नाही. असं कुणी परत पाठवलं तर तारीख टाकून लेखी द्यायला सांगा.

बाळाच्या आहारासाठी बाळाचं आधार सक्तीचं नाही, आईचं चालतं. "आधी बाळाचं आधार काढून आणा" असं ऐकून किती जणी गप्प परत जातात!

आता माहेराचं बोलू. सगळ्यात जास्त आहार तिथंच बुडतो, आणि त्याबद्दल कुणी बोलत नाही. आपल्याकडे पहिलं बाळंतपण माहेरी. सातव्या महिन्यात डोहाळजेवण होतं आणि मुलगी भंडाऱ्याला, उमरेडला, गोंदियाला, नाहीतर मध्य प्रदेशात पांढुर्ण्याला जाते. परत येते ती बाळ तीन-चार महिन्यांचं झाल्यावर. म्हणजे गरोदरपणाचे शेवटचे तीन महिने आणि दूध पाजण्याचे पहिले तीन-चार महिने ती नागपुरात नसतेच. भारतीय आहारशास्त्राच्या २०२० च्या शिफारशींनुसार गरोदरपणात रोज ३५० किलोकॅलरी जास्तीच्या लागतात आणि पाजणाऱ्या आईला पहिल्या सहा महिन्यांत ६००. पोटातल्या बाळाचं वजनही सगळ्यात वेगाने शेवटच्या तीन महिन्यांतच वाढतं. शरीराची गरज सर्वात मोठी असते नेमक्या त्याच काळात तिचं नाव एका गावच्या यादीत आणि ती दुसऱ्या गावात.

माहेरची सेविका नवीन नोंद करायला जाते तर तेच आधार नागपुरात आधीच नोंदलेलं. एक आधार दोन अंगणवाड्यांत चालत नाही. तिथली म्हणते नागपूरवाल्यांना सांगा, इथली म्हणते बाई इथं नाही. खरं तर नाव एका केंद्रातून दुसऱ्या केंद्रात हलवायची सोय त्याच ॲपमध्ये आहे. म्हणून निघायच्या आठवडाभर आधी तीन कामं करा. माहेरच्या अंगणवाडीचं नाव आणि तिथल्या सेविकेचा फोन नंबर आणून आपल्या सेविकेला द्या. स्थलांतराची नोंद तुमच्या समोर करून घ्या. चालू महिन्याची पाकिटं घेऊन निघा. मुक्काम महिन्याभराचाच असेल तर नाव हलवू नका, जाण्याआधीचा आणि आल्यानंतरचा आहार गाठता येतो. त्याहून जास्त असेल तर हलवाच. सासरी परतताना पुन्हा तेच उलट दिशेने. हे दुसरं स्थलांतर तर जवळजवळ सगळेच विसरतात.

परतल्यावर आणखी एक जागा आहे जिथं साखळी तुटते. बाळ सहा महिन्यांचं झालं की आईचा आहार संपतो आणि त्याच दिवसापासून बाळाचा सुरू व्हायला हवा. आईचं नाव ॲपमध्ये आपोआप गळतं, पण बाळाचं नाव कुणीतरी टाकावं लागतं. जन्म माहेरी झालेला, दाखला तिथल्या ग्रामपंचायतीचा किंवा नगर परिषदेचा, म्हणून इथल्या यादीत बाळच नसतं. वरचं खाणं सुरू व्हायच्या नेमक्या महिन्यात घरात आहार येत नाही. बाळ जन्मल्यावर लगेच नाव टाकून घ्या, वजन-उंचीची नोंद तेव्हापासूनच सुरू होते. जन्म नोंदवायला २१ दिवसांपर्यंत शुल्क नाही. दवाखान्यातून निघण्याआधी आईच्या नावाचं स्पेलिंग आधारशी अक्षर न् अक्षर ताडून पाहा.

स्पेलिंगचा हा मुद्दा पैशाच्या योजनेत फार महाग पडतो. मातृवंदनेत पहिल्या अपत्याला ५,००० रुपये दोन हप्त्यांत मिळतात. गरोदरपणाची नोंदणी आणि शेवटच्या पाळीपासून सहा महिन्यांच्या आत किमान एक तपासणी झाली की ३,०००. जन्मनोंद आणि लसींची पहिली फेरी, म्हणजे साडेतीन महिन्यांपर्यंतचे डोस, पूर्ण झाले की २,०००. दुसरं अपत्य मुलगी असेल तर ६,००० एकरकमी, पण त्यासाठीही नोंदणी गरोदरपणातच झालेली हवी. अर्जाची मुदत बाळंतपणानंतर २७० दिवस. पात्रतेसाठी ठरलेल्यांपैकी एक पुरावा पुरतो: अनुसूचित जाती-जमातीचा दाखला, बीपीएल कार्ड, अन्न सुरक्षेचं रेशन कार्ड, आयुष्मान कार्ड, ई-श्रम कार्ड, मनरेगाचं जॉबकार्ड, किंवा कुटुंबाचं उत्पन्न वर्षाला आठ लाखांच्या आत. ई-श्रम असेल तर उत्पन्नाच्या दाखल्यासाठी धावू नका. पतीचं आधार आता सक्तीचं राहिलेलं नाही, त्यामुळे एकट्या आईलाही अर्ज करता येतो.

अर्ज अडकतात ते नाव न जुळल्याने. आधारवर माहेरचं नाव आणि एमसीपी कार्डावर सासरचं. लोक मग आधारवरचं नाव बदलायला धावतात. माझं स्पष्ट मत आहे, गरोदरपणात ते करूच नका. आधारवर जे आहे तेच नाव एमसीपी कार्डावर, अर्जावर आणि बाळाच्या जन्मनोंदीत आईचं म्हणून लिहून घ्या. नाव बदलायचं तर हप्ते जमा झाल्यावर. शेवटच्या पाळीची तारीखही कार्डावर आणि अर्जात एकच हवी. सोनोग्राफीच्या अंदाजावरून मागे मोजलेली तारीख अर्जात टाकली की दोन्हींत फरक पडतो आणि अर्ज लटकतो.

पैसे जमा होतात ते आधारशी शेवटी जोडलेल्या खात्यात, अर्जासोबत जोडलेल्या पासबुकाच्या खात्यात नाही. कॉलेजात असताना शिष्यवृत्तीसाठी गावच्या बँकेत उघडलेलं खातं बहुतेक वेळा हेच असतं. "पैसे आलेच नाहीत" म्हणणाऱ्या बाईने आधी बँकेत जाऊन विचारावं की आधार सध्या कुठल्या खात्याला जोडलंय. बाळाला खासगी दवाखान्यात लस दिली असेल तर ती एमसीपी कार्डावर चढवून घ्यावी, नुसती फाइल दाखवून दुसरा हप्ता निघत नाही.

कायद्यात मातृत्व लाभ किमान ६,००० रुपये लिहिलाय आणि पहिल्या बाळाला मातृवंदनेतून ५,००० मिळतात. उरलेले जननी सुरक्षा योजनेतून मिळतील असा हिशेब मांडला जातो, पण ती योजना आपल्या राज्यात फक्त दारिद्र्यरेषेखालच्या आणि अनुसूचित जाती-जमातीच्या बायकांसाठी, शहरात ६०० आणि ग्रामीण भागात ७०० रुपये. बेरीज करून पाहा, भरत नाही.

आहाराचं प्रमाणही माहीत असावं. आईसाठी रोज ६०० किलोकॅलरी आणि १८ ते २० ग्रॅम प्रथिनं, मुलाला ५०० आणि १२ ते १५ ग्रॅम, तीव्र कुपोषित मुलाला ८०० आणि २० ते २५ ग्रॅम. महिन्याला २५ दिवस, वर्षाला ३०० दिवस. यासाठी २०१७ साली ठरलेला खर्च: आईमागे दिवसाला ९ रुपये ५० पैसे, मुलामागे ८, तीव्र कुपोषितामागे १२. साडेनऊ रुपयांत नागपुरात पाव लिटर दूध येत नाही. पाकिटाच्या चवीबद्दल बोलणाऱ्यांनी आधी हा आकडा पाहावा. घरी आलेलं पाकीट सगळ्या कुटुंबाच्या गंजात, म्हणजे स्वयंपाकाच्या भांड्यात, रिकामं झालं तर आईच्या वाट्याला दोन घासच येतात, म्हणून तिचा डबा वेगळा ठेवा. शिजवताना फल्लीदाण्याचा कूट, थोडं तेल, गूळ घातला की चवही येते आणि ताकदही. पण हा आहार पूरक आहे. घरची भाकर, वरण, भाजी कमी करून त्याजागी हा द्यायचा नाही.

बाळाचं वजन दर महिन्याला करून घ्या आणि आकडा स्वतः लिहून ठेवा. सहा महिन्यांवरच्या मुलाच्या दंडाचा घेर ११.५ सेंटिमीटरपेक्षा कमी असेल तर तो तीव्र कुपोषणाचा इशारा, ११.५ ते १२.५ च्या मध्ये मध्यम. दोन्ही पायांवर दाबल्यावर खड्डा राहणारी सूज असेल तर आहाराची वाट न पाहता सरळ दवाखाना. तीन वर्षांनंतर पाकीट बंद होतं आणि केंद्रात बसून गरम जेवण सुरू होतं. बरेच जण नेमकं त्याच वयात मुलाला कॉन्व्हेंटमध्ये टाकतात आणि ते जेवण सुटतं. निर्णय तुमचा, पण काय सोडतोय ते माहीत असावं.

शहराच्या कडेला नवे ले-आउट पडलेत, तिथं "हा भाग आमच्यात येत नाही" हे उत्तर ठरलेलं. नागपूर शहरातल्या अंगणवाड्या नागरी बालविकास प्रकल्पाकडे आहेत, ग्रामीण भागातल्या जिल्हा परिषदेकडे, आणि ले-आउट नेमके दोन्हींच्या मध्ये सापडतात. दोन्हीकडच्या सेविका परत पाठवत असतील तर पर्यवेक्षिकेला लेखी अर्ज द्या, प्रत बालविकास प्रकल्प अधिकाऱ्यांना, आणि पोच घ्या. वस्तीत सहा वर्षांखालची किमान ४० मुलं असून अंगणवाडीच नसेल तर १३ डिसेंबर २००६ चा सर्वोच्च न्यायालयाचा आदेश तुमच्या बाजूने आहे: मागणी केल्यापासून तीन महिन्यांत अंगणवाडी. झोपडपट्ट्यांनाही तो लागू आहे. मुलांची नावं, वय, पालकांच्या सह्या असलेली यादी अर्जाला जोडा, नुसत्या तोंडी मागणीवर तीन महिने मोजायला सुरुवात होत नाही. कामासाठी छत्तीसगडहून आलेल्या बांधकामावरच्या बायकांनाही हाच हक्क आहे, रहिवासाची अट कायद्यात नाही.

नोंद असून आहार मिळत नसेल तर अन्न सुरक्षा कायद्याच्या कलम ८ मध्ये अन्न सुरक्षा भत्त्याची, म्हणजे न मिळालेल्या आहाराबदल्यात पैशांची, तरतूद आहे. तक्रार जिल्हा तक्रार निवारण अधिकाऱ्याकडे, त्यावर राज्य अन्न आयोग. अर्जात महिना, अंगणवाडी, न मिळालेले दिवस एवढंच लिहा.

माहेराचा तिढा मात्र एकट्या बाईवर सोडून सुटणारा नाही. डागा, मेयो, मेडिकल या नागपुरातल्या सरकारी रुग्णालयांत शहरातल्या आणि आजूबाजूच्या जिल्ह्यांतल्या कितीतरी बाळंतिणी येतात. सुट्टी देताना त्यांच्या कागदावर टाके काढायची आणि लसीची तारीख लिहितातच. त्याखाली आणखी एक ओळ हवी: पुढचे सहा महिने आई-बाळ कुठल्या गावात किंवा वस्तीत राहणार. ती ओळ त्याच दिवशी दोन्हीकडच्या सेविकांना कळवावी आणि नाव हलवायची जबाबदारी प्रकल्प कार्यालयाने घ्यावी. नागरी प्रकल्प आणि रुग्णालयांचा प्रसूती विभाग एकत्र बसले तर हे एका बैठकीत ठरू शकतं. त्यासाठी नवी योजना लागत नाही, नवा फॉर्म तर नाहीच नाही.